रिटायर व्हायच्या आत

त्या वर्षी आमच्या घरात आम्ही तिघंच होतो आणि तिघंही पाळतीवर होतो. माझा डोळा मायवर, मायचा अण्णांवर, आणि अण्णांचा भिंतीवरच्या कॅलेंडरवर. अण्णा म्हणजे माझे वडील, कालव्यावर चौकीदार. सगळा जन्म पाटबंधारे खात्यात गेलेला, पुढच्या उन्हाळ्यात रिटायर व्हायचे होते, आणि छातीचं दुखणं मागे लागलेलं. मी धाकटी, बिनलग्नाची, बारावी झालेली, टायपिंगची परीक्षा पास. एवढ्या गोष्टी शेजारी-शेजारी मांडल्या की त्याचा अर्थ काय निघतो हे आमच्या कॉलनीतल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. सरकारी माणूस नोकरीत असताना गेला तर त्याच्या घरातल्या एकाला नोकरी मिळते. अनुकंपा म्हणतात तिला. रिटायर झाल्यावर गेला तर बायकोला थोडीफार पेन्शन, लेकराला काही नाही. म्हणजे अण्णा पुढच्या उन्हाळ्याच्या आत गेले तर मी क्लार्क, आणि नंतर गेले तर मी चुलीपाशी. तोंडानं कुणी बोलायचं नाही. पण शेजारीण चहाला टेकली की आधी अण्णांची तब्येत विचारायची आणि लगेच माझं वय.

मी संशयी बाई आहे. माझा नवरा म्हणतो, लोक दूधवाल्याला दूध कसं आहे म्हणून विचारतात, तू आज काय मिसळलंस म्हणून विचारतेस. म्हणू दे. दूधवाला नजर चुकवतो हे त्याला दिसत नाही, मला दिसतं. पण हा स्वभाव मी जन्मताना घेऊन आले नव्हते. मोठी ताई लग्न होऊन गेली तोवर मी अगदी भोळसट पोर होते, कुणी काहीही सांगावं आणि मी मान डोलवावी. त्या एका वर्षानं माझी मान डोलायची थांबली ती थांबलीच.

वडीगोद्रीच्या अलीकडं कालव्याला लागून आमची कॉलनी होती. दोन खोल्यांचं क्वार्टर, पुढं लिंबाचं झाड, मागं कालव्याचा भराव. पाणी सुटलेलं असलं की रात्रंदिवस त्याचा घुमारा कानात असायचा, आणि कालव्याचं पाणी सोडायचं दार चाकानं फिरवताना लोखंडाचा जो करकराट व्हायचा त्यावरून माय घरात बसून सांगायची, अण्णा कोणत्या दारावर आहेत ते. पाणी बंद झालं की मात्र सगळं सुनं व्हायचं आणि पहिले काही दिवस आम्हाला झोप लागायची नाही. पहाटे भाकरी थापल्याचा आवाज, मग अण्णांचं खाकरणं, मग तव्यावर लसूण-मिरची पडली की सगळ्यांनाच ठसका. डॉक्टरनं अण्णांना मीठ बंद केलेलं. माय त्यांच्यासाठी वेगळ्या भगुण्यात अळणी वरण करायची आणि अण्णा ती आत गेली की माझ्या ताटातलं मीठ-मिरचीचं अंबाडीचं कोरड्यास ओढून घ्यायचे, वर डोळा मारायचे. मला तेव्हा त्याची गंमत वाटायची. जिभेचे चोचले, दुसरं काय, असंच मी धरून चालले होते.

शेजारच्या क्वार्टरमधे सय्यदचाचा राहायचे. ते आणि अण्णा बरोबरच नोकरीला लागलेले, एकाच दारावर पाळीपाळीनं ड्युटी करायचे, आणि एकाच डब्यातली तंबाखू खायचे. ईदेला त्यांच्याकडनं शीरखुर्मा यायचा, आमच्याकडनं चौदा एप्रिलला बुंदी जायची. चाचांची पोरगी शबाना माझ्याच वर्गात. तिचा भाऊ अगदीच लहान. चाचा गेले ते भर ड्युटीत. दाराच्या चाकावर हात होता, अंगात खाकी शर्ट होता, आणि बघता बघता खाली बसले ते उठलेच नाहीत. अण्णांनी त्यांना उचलून आणलं. त्यानंतर चाचीनं हापिसाचे उंबरठे झिजवले, साहेबांचे पाय धरायचे तेवढे धरले, आणि लोक नाद सोडायला सांगत होते तेव्हाच एक दिवस शबाना जालन्याच्या हापिसात क्लार्क म्हणून हजर झाली. ते लोक जुन्या जालन्यात खोली करून राहायला गेले.

पहिल्या पगाराचे पेढे घेऊन शबाना आली तो दिवस माझ्या डोळ्यासमोर आहे. अंगावर कडक इस्त्रीचा ड्रेस, खांद्याला पर्स, पर्समधे पेन. कालपर्यंत माझ्यासंगं कालव्यावर धुणं बडवणारी पोरगी खुर्चीवर बसून बोलत होती आणि माय तिला अहो-जाहो करायच्या बेतात होती. मी जळाले, खोटं कशाला सांगू? अण्णा तिच्याजवळ बाज ओढून बसले. त्यांनी पेढा हातात घेतला, तोंडात टाकला नाही. बारीक बारीक विचारत राहिले. अर्ज कुणाच्या नावानं केला, बिनलग्नाच्या पोरीला घेतात का, टायपिंग लागतं का. मग हळूच म्हणाले, "सय्यद ड्युटीवर गेला म्हणून तुझं जल्दी झालं, न्हाई का बेटा?"

"और क्या अण्णा," शबाना पेढ्याचा डबा पुढं करत म्हणाली, "अब्बा डूटीपेच होते ना."

सहज बोलली बिचारी. तिला काय माहीत? तिच्या त्या एका वाक्यावर अण्णांनी सगळा इमला बांधला. माणूस नोकरीत असला म्हणजे झालं, मग तो घरात जावो, दवाखान्यात जावो की रजेवर गावाला गेलेला असताना जावो, नियमाला त्याचं काही नसतं. पण अण्णांच्या डोक्यात बसलं ते बसलं की ड्युटीवर गेलेलाच धरतात, रजेवरचा धरत नाहीत. त्यांनी सय्यदचाचांना खाकीत उचललेलं होतं ना.

त्यानंतर अण्णा बदलले. आधी सर्दी झाली तरी रजा टाकणारा माणूस, आता अंगात ताप असला तरी काठी घेऊन भरावावर. साहेब म्हणाले, रजा शिल्लक आहेत, वापरून टाका, वाया जातील. अण्णा म्हणाले, जाऊ द्या वाया. दुसऱ्या चौकीदाराच्या पाळ्या हे मागून घ्यायला लागले. आणि एक चमत्कारिक गोष्ट मी पाहिली. ते झोपताना खाकी शर्ट काढेनात. उकाड्यानं जीव नकोसा झालेला, आम्ही अंगणात बाजा टाकलेल्या, आणि हे गळ्यापर्यंत बटणं लावून पडलेले. मी म्हणलं, "अण्णा, शर्ट तरी काढा, घामानं निथळून राह्यलात." तर म्हणाले, "राहू दे. सरकारचा कपडा हाय, चावत न्हाई." माय उठून बसली. अंधारात तिनं अण्णांकडं टक लावून पाहिलं आणि पुन्हा आडवी झाली. तिचं ते पाहणं मला खटकलं. मला वाटलं, हिला काहीतरी ठाऊक आहे आणि ही लपवून राह्यली.

अन् माय तर अशी वागायला लागली की कुणालाही संशय यावा. पूर्वी अण्णांचा डबा मी न्यायचे, आता ती मला हात लावू देईना. स्वतः घेऊन जायची आणि अण्णा जेवेपर्यंत भरावावर बसून राहायची. उंदराच्या औषधाची पुडी फळीवर असायची, ती गायब झाली. मी विचारलं तर म्हणाली, "फेकली." घरात उंदीर नाचत असताना कोण फेकतं? पोहऱ्याचा दोर तिनं ट्रंकेत कुलपात ठेवला. दोर कुलपात! मी बघत होते आणि मनात एकेक गोष्ट जमा करत होते. सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे अण्णांच्या छातीच्या गोळ्या. डॉक्टरनं दिलेल्या गोळ्या महिन्यानं संपायला हव्या होत्या. महिना उलटून गेला तरी पाकीट निम्मं भरलेलं. गोळ्या द्यायचं काम मायचं. मग गोळ्या उरतातच कशा? मी तोंडावर विचारलं. चुलीतला जाळ पुढं सारत ती म्हणाली, "तुला काय करायचंय? तू तुझं टायपिंग बघ." चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हेच, असं मला वाटलं. आई असली म्हणून काय झालं.

पुढं मी टायपिंगचं सर्टिफिकेट आणायला जालन्याला गेले आणि शबानाकडं उतरले. जुन्या जालन्यात धान्याच्या दुकानांच्या मागच्या बोळात त्यांची खोली. बाहेर पोत्यांची चढउतार, ऑटोवाल्यांचा कालवा, आणि आत चाचीनं केलेली खिचडी आणि चिंचेचा खट्टा. मी ताटावर बसले, तशी शबाना दार लोटून माझ्याजवळ सरकली.

"सुजा, बुरा मत मान. तेरी माय आल्ती हापिसात."

"माझी माय? जालन्याला?"

"अकेली आल्ती. मला वाटलं मला भेटाया आली. पण ती सीधी आमच्या बडे क्लार्कच्या, भाऊसाहेबाच्या टेबलावर गेली. मी मागंच होते. काय इचारलं मालूम? मालक नोकरीत असताना गेले तर कुणाला लागते, असं इचारलं."

 माय आम्हाला सांगून गेली होती की ताईकडं, अंबडला जाऊन येते. ताईचा नवरा, म्हणजे आमचे दाजी, तेव्हा बिनकामाचे. मायचा त्यांच्यावर फार जीव. ते आले की कोंबडी कापायची, एरवी अण्णांना अळणी वरण. मी तिथल्या तिथं हिशोब लावला. मायला ती नोकरी दाजीला द्यायची आहे. जावयाला अनुकंपा मिळत नाही, हे आज मला कळतं. पण तेव्हा आमच्याकडं लोकांचा पक्का समज होता की साहेबाच्या हातापाया पडलं की सगळं बसवता येतं. "अजून काय इचारलं?" मी म्हणलं. शबाना म्हणाली, "भोत कुछ बोल रही थी, पण मला साहेबांनी आवाज दिला, मंग मी गेले."

अर्धं ऐकलेलं किती वाईट असतं! ती अजून थोडा वेळ उभी राहिली असती तर माझं ते वर्ष वेगळं गेलं असतं. पण घरी परतताना एसटीच्या खिडकीशी बसून मी मायला मनातल्या मनात पार फाशी देऊन मोकळी झाले होते.

आणि बघा, त्याच आठवड्यात मायनं माझ्या लग्नाचा विषय काढला. आष्टीचं स्थळ. बाजारात कपड्याचं लहानसं दुकान, मुलगा एकुलता, शांत, आपल्याच समाजातला. मायचा भाऊ, आमचा मामा, ते घेऊन आला होता. मी ताडकन म्हणलं, "मला न्हाई करायचं आत्ताच." आणि नवल म्हणजे अण्णाही तेच म्हणाले. आयुष्यात कधी मायपुढं आवाज न चढवणारा माणूस, पण बाजेवरून उठून ओरडले, "घाई कशाची? माझी रिटायरमेंट होऊ दे, मंग करू. तवर पोरीच्या लग्नाचं नाव काढायचं न्हाई ह्या घरात." माझा ऊर भरून आला. घरात आपलं एक तरी माणूस आहे, अण्णा आपल्या बाजूचे आहेत, मायचा डाव त्यांना कळलाय, असं समजून मी त्या दिवशी अण्णांच्या ताटात चोरून लोणच्याची फोड वाढली. आज ती फोड आठवली की माझंच मला कसंतरी होतं.

मायनं ऐकलं नाही. तिनं आष्टीची माणसं बोलावलीच. ती माणसंही काही कमी संशयी नव्हती. एवढ्या घाईनं पोरगी देतात म्हणजे पोरीत खोट असणार, असं त्यांना वाटणं साहजिकच होतं. माझ्या सासूनं मला अंगणात चालवून पाहिलं, परत चालवून पाहिलं, पेपर वाचायला लावला, वेणी ओढून पाहिली. जोराची ओढली हो! मग माझे सासरे, चांगला माणूस होता, पण व्यापारी, चहा फुंकत म्हणाले, "सरकारी खातं हाय. पोरीच्या नावानं पुढंमागं काही होण्यासारखं असंल तर आम्ही थांबू की. आम्हाला गडबड न्हाई." अण्णांचे डोळे चमकले. ते काही बोलणार तोच माय स्वयंपाकघराच्या दारातून बाहेर आली. सोयऱ्यांसमोर डोक्यावरचा पदर नीट करून, पण खणखणीत आवाजात बोलली, "आमचं माणूस धडधाकट हाय. तसलं काही होणार न्हाई. पोरगी पसंत असंल तर ह्याच महिन्यात न्या, नसंल तर चहा घ्या अन् जयभीम."

सासऱ्यांनी चहाचा कप खाली ठेवला.  मला तिथंच ओरडून सांगावंसं वाटत होतं की ही बाई माझी नोकरी जावयाला द्यायला बसलीय. पण पाहुण्यांपुढं कसं बोलणार?

मी दोन वेळा जेवण सोडून पाहिलं. माय म्हणाली, उपाशी राहिल्यानं कुणी मरत न्हाई, पातळ होतं, अन् पातळ पोरीचं लग्न जल्दी जमतं. अशा बाईपुढं काय डोकं आपटायचं? मी तिच्याशी बोलणंच टाकलं. अण्णा आणि माय यांच्यातही काहीतरी धुमसत होतं. मी खोलीत आले की दोघं गप्प व्हायचे. एकदा अण्णांचा दबका आवाज मी ऐकला, "तू पोरीचं वाटोळं करून राह्यलीस," आणि मायचा, "अन् तुम्ही काय करून राह्यलात?" मला त्यातलं पहिलं वाक्य पटलं. दुसऱ्याकडं मी लक्षच दिलं नाही.

मग तो दुपारचा प्रसंग झाला. शेतकऱ्यांची पाण्यासाठी गर्दी होती, सगळ्यांनाच आपल्या शेताच्या चारीला आधी पाणी हवं होतं, आणि अण्णा दुसऱ्याची पाळी मागून घेऊन सकाळपासून दारावर होते. चाक फिरवता फिरवता त्यांच्या छातीत कळ आली. दोघा शेतकऱ्यांनी त्यांना मोटरसायकलवर मधे धरून घरी आणलं. चेहरा काळानिळा, घामानं चिंब. माय त्यांच्या शर्टाची बटणं सोडायला गेली, तर त्यांनी दोन्ही हातांनी शर्ट आवळून धरला. दात आवळून बोलत होते. "शर्ट काढू नका. रजा टाकू नका. दारावर न्या मला, दारावर न्या." मला वाटलं, वेदनेनं बरळतायत. मी रडत त्यांचे पाय चोळत होते. मायनं मात्र रडणं नाही, ओरडणं नाही, सरळ त्यांच्या शर्टाला हात घातला आणि टरकन फाडला. बटणं घरभर उडाली. "जीप बोलव," ती मला म्हणाली, "उभी काय राहिलीस?"

अण्णा वाचले. दवाखान्यात त्यांना ठेवून घेतलं. त्यांना शुद्ध येऊन ते पाणी प्यायले तशी माय मला त्यांच्याजवळ बसवून बाहेर पडली, ती थेट आष्टीला जाऊन लग्नाची तारीख धरून परत आली. नवरा दवाखान्यात आणि बाई तारीख धरायला! नर्स लोकसुद्धा तोंडात बोटं घालायला लागल्या. अण्णांना तिनं सांगितलं तेव्हा त्यांनी भिंतीकडं तोंड फिरवलं आणि रडले. मोठ्या माणसाला मी तसं रडताना आधी पाहिलं नव्हतं. मी म्हणलं, अण्णा, तुमच्यासाठी मी लग्नाला उभी राहते, पण तुम्ही रडू नका. ते आणखीच रडायला लागले.

लग्न वडीगोद्रीच्या शाळेच्या पटांगणात झालं. पांढरी साडी, समोर बुद्धाची मूर्ती आणि बाबासाहेबांचा फोटो, त्रिशरण पंचशील झालं, फुलं पडली, बुंदी आणि वांग्याची भाजी वाढली गेली. शबाना आली होती. दाजी सगळ्यात पुढं होऊन वाढत होते आणि ते माझ्याकडं आले की मी तोंड फिरवत होते. निघायच्या वेळेला मी अण्णांच्या पाया पडायला शाळेच्या वर्गात गेले. गर्दीचा त्रास नको म्हणून त्यांना तिथं बाकावर बसवलेलं होतं. दार लोटलेलं. आत माय बोलत होती आणि तिचा आवाज इतका बारीक होता की मी उंबऱ्यातच थांबले. लपून ऐकायची सवय मला त्या वर्षानं लावलीच होती.

"झालं," माय म्हणत होती. "पोरगी गेली परक्याच्या घरी. भाऊसाहेबाला मी बराबर इचारून आल्ते. लग्न झालेल्या पोरीला लागत न्हाई, बाईमाणूस माझ्या वयाचं अन् अंगठेबहाद्दर, मलाबी लागत न्हाई. आता ह्या घरात घेणारं कुणी न्हाई. आता मेलात तर फुकट मरताल, समजलं का? गोळ्या थुंकायच्या असतील तर थुंका, मीठ खायचं असंल तर खा. सरकार काही देणार न्हाई."

 अण्णा म्हणाले, "त्या पोरीला सय्यदच्या पोरीसारखं खुर्चीत बघायचं होतं गं मला. माझ्याजवळ दुसरं काय होतं तिला द्यायला?"

"मला काय राहिलं असतं?" माय म्हणाली, आणि मग ती रडली. हमसून हमसून रडली, तोंडात पदर कोंबून, म्हणजे बाहेरच्या माणसांना वाटावं लेकीसाठी रडतेय.

मी आत गेलेच नाही. उंबऱ्यावरूनच मागं फिरले आणि जीपमधे जाऊन बसले. बाया म्हणाल्या, काय दगडाच्या काळजाची पोर आहे, आईबापाच्या गळ्यात पडली नाही, डोळ्यातून टिपूस नाही. कुठून येणार टिपूस? मला एकाच वेळी दोघांचा एवढा राग आला होता. मला न विचारता बापानं माझ्यासाठी मरायचं ठरवलं, आणि मला न विचारता आईनं माझं लग्न लावून त्याला जगवलं. आष्टी येईपर्यंत मी शेजारी बसलेल्या नवऱ्याकडं एकदाही पाहिलं नाही. तो बिचारा समजला, पोरगी लाजाळू आहे.

नोकरी गेली ती गेलीच. आष्टीच्या बाजारात मी जन्मभर गल्ल्यावर बसले, साड्यांच्या घड्या घातल्या, गिऱ्हाइकांशी भांडले. शबाना आता रिटायर व्हायला आली आहे, मोठी साहेबीण झाली, तिची सही लागते म्हणतात. ती भेटली की माझ्या आत अजूनही काहीतरी दुखतं, ते काही मी झाकून ठेवत नाही. आता म्हणे नियम बदललाय, लग्न झालेल्या लेकीलाही घेतात. मला दुकानात एका गिऱ्हाइकानं हे सांगितलं तेव्हा मी त्याला सांगितलं, फार चांगलं झालं, पण आमच्या वेळेला नव्हतं तेही बरंच झालं. त्याला काही कळलं नाही. मीही समजावत बसले नाही.

अण्णा उन्हाळ्यात रिटायर झाले. जिवंत. हापिसाच्या पटांगणात निरोप समारंभ झाला. साहेब म्हणाले, असा कष्टाळू माणूस पाहिला नाही, तो दवाखाना सोडला तर शेवटच्या वर्षात एक रजा म्हणून घेतली नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. अण्णा मान खाली घालून शाल सावरत बसले होते, पांढरा सदरा अंगात, आणि गालांवर चांगलं मांस चढलेलं. मी नवऱ्याबरोबर गेले होते. कार्यक्रम संपायच्या आधीच माय स्वयंपाकासाठी क्वार्टरकडं निघाली आणि मी तिच्यामागं गेले. लग्नापासून मी तिच्याशी सरळ बोलले नव्हते. ती परातीत पीठ घेत होती. मी दारात उभी राहूनच म्हणलं, "मी ऐकलं व्हतं माय, त्या दिवशी शाळेत. समदं ऐकलं."

तिनं वर पाहिलं नाही. "मंग?"

"मंग काय? मला एका शब्दानं इचारायचं तरी. मी काय परकी व्हते? मीच न्हाई म्हणले असते त्या नोकरीला. मी अण्णांच्या पायावर डोकं ठेवलं असतं. बापाच्या जिवापुढं मी नोकरी धरली असती, असं वाटलं व्हय तुला?"

मायनं पिठात पाणी ओतलं, पण मळलं नाही. हात तसाच परातीत राहिला. पहिल्यांदाच तिनं माझ्याकडं नीट पाहिलं.

"न्हाई वाटलं," ती म्हणाली. "तू न्हाईच म्हणली असती. पण मी इचारलं असतं, अन् तू घडीभर जरी इचारात पडली असती ना सुजा, तर ती घडी मला मरोस्तोर दिसली असती."